ठिपका आणि डाग

ठिपक्यांच्या कुत्र्याचे चित्र आपण कधी ना कधी पाहिलेले असते. अंग पांढरेशुभ्र. त्यावर काळे गोल ठिपके. जणू कोणी दौतीतली शाई शिंपडली आहे! या जातीला डाल्मेशियन म्हणतात. युरोपात क्रोएशिया नावाचा देश आहे. त्याच्या समुद्रकाठच्या मुलखाचे नाव डाल्मेशिया. त्यावरून हे नाव पडले. पूर्वी इंग्लंडात हा कुत्रा श्रीमंतांच्या घोडागाडीबरोबर पळे आणि गाडीची राखण करी.

आता गंमत ऐका. या जातीचे पिल्लू जन्मते तेव्हा त्याचे अंग कोरे असते. ठिपका दिसत नाही. दहा ते चौदा दिवस गेले, की ठिपके उमटू लागतात. ते काळे असतात, नाहीतर तपकिरी. काळ्या ठिपक्यांच्या कुत्र्याचे नाकही काळे. तपकिरी ठिपक्यांच्या कुत्र्याचे नाक तपकिरी.

काही पिल्लांच्या अंगावर मात्र जन्मतःच मोठा डाग असतो. बहुधा तो कानावर किंवा डोळ्याभोवती असतो. ठिपका मागून येतो, डाग जन्माचा असतो. हा फरक ध्यानात ठेवावा.

अमेरिकेत प्रदर्शनात डागाचा कुत्रा बाद करतात. रूप बिघडले, असे म्हणतात. म्हणून लोक अशा कुत्र्यांची पैदास टाळत आले. पण यात एक घोटाळा झाला. तो असा.

केसांना रंग देणाऱ्या बारीक पेशी शरीरात असतात. पेशी म्हणजे ज्यांचे आपले शरीर बनले आहे ते अगदी सूक्ष्म भाग. रंगाच्या याच पेशी कानाच्या आतही लागतात. तिथे त्या पोचल्या नाहीत, तर ऐकण्याचा आतला भाग काही आठवड्यांत मरतो. पिल्लू बहिरे होते. अमेरिकेत हजारो डाल्मेशियन तपासले. शंभरांत सुमारे ३० बहिरे निघाले. त्यांतले ८ दोन्ही कानांनी आणि २२ एका कानाने.

डाग म्हणजे रंगाच्या पेशी जास्त पोचल्याची खूण. म्हणून डागाच्या पिल्लांत बहिरेपण पुष्कळ कमी आढळते. लोकांनी दूर सारले, ते बहुधा चांगल्या कानाचे होते!

बहिरेपण नुसती टाळी वाजवून कळत नाही बरं का. एका कानाचे बहिरे पिल्लूही टाळीला मान वळवते. पिल्लू पाच आठवड्यांचे झाले, की यंत्राने एकेक कान तपासतात.

बैल घेताना आपण नुसता रंग पाहत नाही. दात पाहतो, चालवून पाहतो. रंगावर भुलले, की गुण हातचा जातो. मग तो बैल असो, की कुत्रा.

सांगा पाहू :
१. ठिपका आणि डाग यांत फरक काय?
२. रंगाच्या पेशी कानात नसल्या तर काय होते?
३. आपल्या गावात जनावर घेताना काय काय पाहतात?