संत जोसाफत कोण होते?



आपल्या वाचनालयातील संतचरित्रे वाचून काही जणांनी मला एक प्रश्न विचारला आहे : "फादर, यातले काही संत प्रत्यक्षात झालेच नाहीत असे आता म्हणतात. मग आमच्या आजीने आयुष्यभर प्रार्थना केली ती कुणाला?" प्रश्न टाळण्यासारखा नाही. त्याच्या उत्तरासाठी मी एकच उदाहरण घेतो. ते आपल्या वसई-साष्टीशीही जोडलेले आहे.

मध्ययुगीन युरोपात बार्लाम आणि जोसाफत यांची कथा घरोघरी ठाऊक होती. हिंदुस्थानात अबेनेर नावाचा राजा असतो. त्याला पुत्र होतो तेव्हा भविष्य सांगितले जाते, की हा मुलगा राज्य सोडून ख्रिस्ती होईल. राजा घाबरतो आणि मुलाला एका सुंदर महालात ठेवतो. आजार, म्हातारपण, मरण यांची सावलीही त्याच्यावर पडू द्यायची नाही, अशी सक्त ताकीद असते. पण राजपुत्र जोसाफत बाहेर पडतोच. त्याला एक कुष्ठरोगी दिसतो, एक आंधळा दिसतो, मग एक जख्ख म्हातारा. त्याची झोप उडते. पुढे बार्लाम नावाचा तपस्वी रत्ने विकणाऱ्या व्यापाऱ्याच्या वेशात येतो आणि त्याला प्रभू येशूची ओळख करून देतो. अखेर राजपुत्र राज्य सोडून अरण्यात जातो.

ही कथा कुणाची, हे महाराष्ट्रातल्या वाचकाला सांगण्याची गरज नाही. सिद्धार्थ गौतमाची! 'बोधिसत्त्व' हा शब्द इराणमार्गे अरबीत गेला. अरबी लिपीत शब्दाच्या आरंभी येणारे 'ब' आणि 'य' यांत केवळ एका टिंबाचा फरक. कुणा लेखनिकाच्या हातून ते टिंब चुकले आणि 'बुदासफ'चा 'युदासफ' झाला. मग जॉर्जियन भाषेत, तेथून ग्रीकमध्ये आणि लॅटिनमध्ये जाता जाता 'जोसाफत' झाला. दमास्कसच्या संत योहानाने ही कथा लिहिली असा समज अनेक शतके होता. रोमन मार्टिरोलॉजी या संतांच्या अधिकृत यादीच्या जुन्या आवृत्त्यांत २७ नोव्हेंबर या दिवशी दोघांची नावे आढळतात.

आता वसईचा संबंध. दियोगो द कौतो हा पोर्तुगीज इतिहासकार गोव्यातील सरकारी दफ्तरखान्याचा प्रमुख होता. साष्टी बेटावरील कान्हेरीची लेणी पाहताना त्याने एका वृद्धाला विचारले, की हे कुणी कोरले असावे? वृद्धाने सांगितले, की संत जोसाफतच्या वडिलांनी, मुलाला जगापासून दूर ठेवण्यासाठी! कौतोने हे १६१२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात नोंदवले आणि जोसाफत व बुद्ध एकच असावेत अशी शंकाही व्यक्त केली. त्या वृद्धाने ही कथा बहुधा मिशनऱ्यांच्या प्रवचनात ऐकली असावी. म्हणजे बुद्धाची कथा हिंदुस्थानातून निघाली, निम्मे जग फिरली आणि ख्रिस्ती नाव घेऊन पुन्हा एका बौद्ध लेण्याच्या दाराशी येऊन थांबली. इतिहास म्हणून वृद्धाचे उत्तर चुकीचे होते. तरी त्याने नेमके बुद्धाचेच स्थान दाखवले, हे मला फार विलक्षण वाटते. युरोपातल्या अभ्यासकांनी १८५९-६० च्या सुमारास बुद्धचरित्र आणि ही कथा शेजारी ठेवून दोहोंचे नाते सिद्ध केले.

मग ही कथा खोटी म्हणून कपाटातून काढून टाकायची काय? मुळीच नाही. इंग्रजीतील 'लेजंड' या शब्दाचा मूळ लॅटिन अर्थ 'जे वाचावयाचे ते', म्हणजे संताच्या सणाला मोठ्याने वाचायचा मजकूर. इतिहास विचारतो, काय घडले? आख्यायिका विचारते, मरण डोळ्यांसमोर असताना कसे जगायचे? बार्लाम राजपुत्राला एक दृष्टांत सांगतो : एक माणूस खोल विवराच्या तोंडाशी झाडाला लोंबकळतो आहे, खाली अजगर, मुळे कुरतडणारे दोन उंदीर, एक काळा व एक पांढरा, आणि हा मात्र वरून ठिबकणारा मध चाटण्यात गुंग! महाभारताच्या स्त्रीपर्वात विदुर धृतराष्ट्राला जवळजवळ हेच सांगतो. यातले खरेखोटे शोधण्यासाठी ते विवर खणून पाहावे लागत नाही.

पण आख्यायिका आणि इतिहास यांची सरमिसळ मात्र होता कामा नये. ही निवड श्रद्धेच्या शत्रूंनीच केली असे समजू नका. येशूसंघाच्या बोलांडिस्ट फादरांनी १६४३ पासून संतचरित्रांचे जुने हस्तलेख तपासून खंड प्रसिद्ध करायला सुरुवात केली. त्यांपैकी फादर पापेब्रोक यांनी, कार्मेल संघाची स्थापना एलिया संदेष्ट्याने केली हा समज मान्य केला नाही. त्यावरून वाद पेटला आणि १६९५ मध्ये स्पेनच्या इन्क्विझिशनने त्यांच्या खंडांवर बंदी घातली. ती उठली १७१५ मध्ये, फादरांच्या मृत्यूनंतर एका वर्षाने. सत्य शोधणाऱ्याला आपल्याच घरात सोसावे लागते, ते असे.

काही तरुण याच्याही पुढे जाऊन विचारतात : जोसाफत कथेतला, तर येशू कशावरून नाही? इथे तिसऱ्या कपाटाकडे, प्राचीन अभिजात साहित्याकडे वळावे. टॅसिटस हा रोमन इतिहासकार ख्रिस्ती लोकांचा तिरस्कार करणारा. तोच लिहितो, की ख्रिस्ताला तिबेरियसच्या कारकिर्दीत पंतय पिलाताने देहदंड दिला. त्याच्या ग्रंथाच्या या भागाची सर्वांत जुनी प्रत अकराव्या शतकात मोंते कासिनोच्या मठात लिहिली गेली. आज ती फ्लॉरेन्सच्या लॉरेन्शियन ग्रंथालयात आहे. आपल्या धर्माची निंदा करणारा उतारा मठवासीयांनी जसाच्या तसा उतरवून ठेवला! पिलाताचे नाव कोरलेला दगडही १९६१ मध्ये कैसरिया येथे सापडला. संत लूक आपल्या शुभवर्तमानात सम्राटाचे वर्ष आणि अधिकाऱ्यांची नावे देतो. जोसाफतच्या कथेत असे एकही वर्ष नाही.

राहिला आजीचा प्रश्न. संत आपल्यासाठी विनवणी करतात, पण प्रार्थना ऐकणारा परमेश्वरच असतो. भोळ्या मनाने चुकीच्या नावाने हाक मारली, म्हणून पिता तोंड फिरवत नाही. आजीची प्रार्थना वाया गेलेली नाही. नातवाने मात्र संतचरित्र हाती घेतले की आधी प्रस्तावना वाचावी आणि त्या संताचा मृत्यू व त्याच्याविषयीचे पहिले लेखन यांत किती वर्षांचे अंतर आहे ते पाहावे. अंतर दोन-तीन शतकांचे असेल, तर पुस्तक आख्यायिकांच्या कपाटात ठेवावे. तेथूनही ते घरी नेता येते.