ऐतिहासिक करायचंय?

नागपूरच्या धंतोलीत राहून ऐतिहासिक नाटकांची निर्मिती करतो म्हटलं की पहिला प्रश्न ठरलेला : घोडे कुठून आणता? घोडे मिळतात हो. अवघड असतं ते बाकीचं.

१. शिवकालाची ड्रेपरी म्हणजे सगळा इतिहास नव्हे. आमचा विषय होता शेजारची सीताबर्डीची लढाई, नोव्हेंबर १८१७. भाड्याच्या कपडेपटात मिळतात बाराबंद्या आणि मावळी पगड्या. आप्पासाहेब भोसल्यांच्या फौजेत अरब शिपाई होते, त्यांना मावळे करून कसं चालेल? कपडे नव्याने शिवले. संहितेत ‘किल्ल्यावरून तोफा कडाडल्या’ असं वाक्य होतं, तेही काढायला लावलं. तेव्हा तिथे किल्ला नव्हताच, दोन टेकड्या होत्या. किल्ला बांधला इंग्रजांनी, लढाई जिंकल्यावर.

२. पडद्याआधी विंगेत उभं राहून तीन गोष्टी बघाव्यात : मनगटावरचा घड्याळाचा पांढरा पट्टा, नाकावरचे चष्म्याचे वळ, दंडावरचा लशीचा वण. पोट्टे हसतात. पण पहिल्या रांगेला तेच आधी दिसतं.

३. मे महिन्यात प्रयोग घेऊ नये. पारा ४५ अंशांवर गेला की गोंद सुटतो आणि भर दरबारात सरदाराची अर्धी मिशी ओठावर लोंबू लागते.

४. बॅकस्टेजच्या माणसांची नाइट (प्रयोगाचे पैसे) आधी द्यावी, नटांची नंतर.

५. कर्जाचा हिशेब पहिल्या तालमीआधी. भालजी पेंढारकरांएवढा इतिहासपटांचा जाणकार मराठीत दुसरा नाही, असं माझं मत. गांधीहत्येनंतर १९४८ साली झालेल्या जाळपोळीत त्यांचा कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ जळाला, ‘मीठभाकर’ही त्यातच गेला. गड्याने चित्रपट पुन्हा काढला, स्टुडिओ पुन्हा उभा केला, १९५२ साली ‘छत्रपती शिवाजी’ आणला. पुढे कर्जापायी तोच स्टुडिओ हातचा गेला. घेतला लता मंगेशकरांनी. १९९१चा फाळके पुरस्कार मिळाला तेव्हा भालजी नव्वदी ओलांडून गेले होते. त्यांच्यासारख्याची ही गत, तर आपण घर गहाण टाकताना दहादा विचार करावा.

६. आणि एक विनंती. महालात, बर्डीवर कुणाच्या माळ्यावर पणजोबांची पगडी किंवा अंगरखा पडला असेल, तर भंगारवाल्याला देऊ नका. आम्हाला नमुन्यापुरता द्या. शिंप्याला दाखवून परत आणून देतो.