देवाची जागा, विश्वस्तांची सही

देवस्थानच्या गाळ्याचा भाडेकरू म्हणून मी पोळलो आहे, तेव्हा तटस्थ असल्याचा आव आणत नाही. पण राग बाजूला ठेवून नुसता कायदा वाचला तरी दिसतं ते हेच: करार कायदेशीर करण्याची जबाबदारी विश्वस्तांची, आणि तो तसा नसल्याचा फटका भाडेकरूला. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, १९५० च्या कलम ३६ प्रमाणे शेतजमीन दहा वर्षांपेक्षा आणि बिगरशेती जमीन किंवा इमारत तीन वर्षांपेक्षा जास्त मुदतीने द्यायची, तर धर्मादाय आयुक्तांची पूर्वपरवानगी लागते. तिच्याविना पट्टा वैध नाही. परवानगीसाठी अर्ज करायचा तो विश्वस्तांनी. तरीही नऊ-नऊ वर्षांचे पट्टे नुसत्या ठरावावर दिले जातात, आणि बाजारभाव चढला की ‘सदर पट्टा मुळातच अवैध आहे’ अशी नोटीस येते. ती पाठवणारं मंडळ तेच, पट्ट्याखाली शिक्का मारणारं. इतकी वर्षं भाडं मोजून घेताना ज्यांना कलम ३६ आठवलं नाही, त्यांना ते नेमकं नवा गिऱ्हाईक दारात उभा राहिल्यावर आठवतं. त्या नोटिशीत ‘अवैध’ हा शब्द असतो, पण अवैध काम कुणी केलं याबद्दल चकार शब्द नसतो. मला सगळ्यात जास्त टोचलं ते हे.

यावर नेहमीचं उत्तर असं की देव कायद्याच्या नजरेत कायमचा अल्पवयीन, त्याच्या मालमत्तेचं रक्षण व्हायलाच हवं. अगदी मान्य. मंदिराच्या जमिनीचा मालक देवच, पुजारी केवळ व्यवस्थापक, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली मध्य प्रदेशातल्या पुजाऱ्यांच्या प्रकरणात स्पष्ट केलं. पण मग हाच न्याय विश्वस्तांनाही लावा. अल्पवयीनाचा पालक बेकायदा व्यवहार करतो, त्याचे पैसे घेतो आणि उलटल्यावर समोरच्याला चोर ठरवतो, तर पालकाला कुणी जाब विचारायचा की नाही? दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे: देवस्थानचे भाडेकरू पिढ्यान्‌पिढ्या नाममात्र भाड्यात जागा अडवून बसतात. बसतात, आणि देवाच्या दिवाबत्तीलाही न पुरणारं भाडं देऊन बसतात, हे मी नाकारत नाही. त्यासाठी सरळ रस्ता मात्र उपलब्ध आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम १६ मध्ये संस्थेच्या कामासाठी जागेची खरीखुरी गरज हे जागा परत मागण्याचं कारण म्हणून दिलेलं आहे. गरज सिद्ध करावी लागते आणि कुणाची अडचण मोठी हेही न्यायालय पाहतं, म्हणूनच तो रस्ता नकोसा वाटतो. स्वतःचाच करार रद्दबातल म्हणणं सोपं.

देवस्थानचा गाळा घेणार असाल, तर ‘आत्ता सही करा, परवानगी मागाहून येईल’ या वाक्यावर विसंबू नका. २०१७ च्या दुरुस्तीने मागाहून परवानगीची सोय झाली आहे, पण ती अपवादात्मक परिस्थितीपुरतीच. तीन-तीन वर्षांचे करार आणि नूतनीकरणाचं कलम ही पळवाटही भरवशाची नाही. आयुक्तांच्या आदेशाची प्रत हातात आल्याशिवाय गाळ्यात फर्निचरला हात घालू नये. सह्या करणाऱ्यांची नावं धर्मादाय कार्यालयातल्या परिशिष्ट एकच्या उताऱ्यावर आहेत का, हेही पाहा. पुष्कळ मंडळांचे चेंज रिपोर्ट, म्हणजे विश्वस्त बदलल्याचे अहवाल, प्रलंबित असतात आणि पुढे ‘ते विश्वस्तच नव्हते’ हा नवा मुद्दा निघतो. अनामत रकमेची पावती ‘देणगी’ म्हणून फाडत असतील तर तिथेच थांबा. देणगी परत मागता येत नाही, आणि हे पावती फाडणाऱ्याला पक्कं ठाऊक असतं.

भाडेकरार लेखी आणि नोंदणीकृत हवा. भाडे नियंत्रण कायदा लागू असलेल्या भागात कलम ५५ नुसार नोंदणीची जबाबदारी मालकाची आहे आणि करार नोंदवलेला नसेल तर, उलट सिद्ध होईपर्यंत, अटींबाबत भाडेकरूचं म्हणणं ग्राह्य धरलं जातं. विश्वस्तांना हे सांगून पाहा, चेहरे बघण्यासारखे होतात. कागदावर ‘भाडेकरार’ आहे की ‘लीव्ह अँड लायसन्स’, हेही नीट वाचा, कारण परवानाधारकाला भाडेकरूचं संरक्षण नाही. १ फेब्रुवारी १९७३ रोजी ताब्यात असलेल्या परवानाधारकांना ते मिळालं, त्यानंतरच्यांना नाही. बाकी चांगला वकील गाठा वगैरे सल्ला सगळेच देतात, मीही देतो. धर्मादाय कार्यालयात हेलपाटे घालून ताबा वाचेल अशी आशा मात्र धरू नका. ताब्याचा दावा दिवाणी किंवा लघुवाद न्यायालयात चालतो.

वाद सुरू झाला की मंडळ बहुधा भाडं घेणंच बंद करतं आणि मग थकबाकीचा दावा ठोकतं. भाडं नाकारलं तर ते दरमहा मनीऑर्डरने किंवा बँकेतून पाठवत राहा आणि परत आलेली प्रत्येक पावती जपून ठेवा. थकबाकीची नोटीस मिळाल्यापासून नव्वद दिवस जाईपर्यंत त्या कारणावर दावा लावता येत नाही. त्या मुदतीत पैसे भरून टाका. दावा लागलाच, तर समन्स मिळाल्यापासून पुन्हा नव्वद दिवसांत थकबाकी पंधरा टक्के सरळ व्याजासह न्यायालयात भरायची सोय आहे. मंडळाचे वकील हे आपणहून सांगणार नाहीत.