त्या रकान्यात 'रापणकर' लिहा

पालकहो, मालवणच्या किनाऱ्यावरची तुमची मुलं माझ्या वर्गात बसतात, म्हणून हे हक्कानं बोलते. परवा अर्ज भरताना सातवीतल्या एका मुलानं वडिलांच्या व्यवसायापुढे 'मजुरी' लिहिलं. वडील तर रापणकर, किनाऱ्यावरून जाळं ओढून मासे धरणारे! विचारलं, तशी मान खाली घालून म्हणाला, "पप्पांनीच सांगल्यानी, असाच लिव म्हणान."

त्याच पप्पांना मी सकाळी किनाऱ्यावर बघितलं आहे. पाण्याचा बदललेला रंग आणि वर घिरट्या घालणारे पक्षी एवढ्यावरून ते बांगडा आलाय की तारली, ते सांगतात. होडी जाळं सोडत अर्धगोल फिरून परत किनाऱ्याला लागते, मग दोन्ही टोकांना माणसं दोर ओढू लागतात. एका रविवारी हा मुलगाही ओढत होता. वडील मागून म्हणाले, "हातान ओढू नको, आंग मागे टाक." पोरानं टाचा वाळूत रोवल्या, अंग मागे टाकलं आणि दोर हलला. वळून वडिलांकडे बघताना त्याचा चेहरा जसा फुलला होता, तसा वर्गात मी कधी पाहिला नाही. वाळूवर वाटे पडले, तेव्हा चार बांगडे त्यालाही मिळाले. ते त्यानं पिशवीत न टाकता हातात धरून घरी नेले.

धंदा आटत चाललाय, हे मला दिसतं. माशांचे थवे किनाऱ्याला लागण्याआधीच मोठ्या पर्ससीन जाळ्यांचे बोटवाले ते बाहेर समुद्रातच उचलतात. 2016 मध्ये राज्यानं पर्ससीनवर निर्बंध घातले, 2017 मध्ये केंद्रानं एलईडी दिवे लावून होणाऱ्या मासेमारीवर बंदी आणली, तरी रापणीचं जाळं कितीदा रिकामंच ओढावं लागतं. पोरानं शिकून नोकरी धरावी, असं तुम्हाला वाटतं. वाटणारच! त्याच्या पोटाची काळजी तुम्ही नाही तर कोण करणार? पण त्या काळजीपोटी तुम्ही त्याला तुमची लाज बाळगायला शिकवताय, आणि हे मला सहन होत नाही. पाणी वाचणारा, पंचवीस-तीस माणसांसोबत एका दोराला लागणारा आणि मिळेल त्याचे वाटे करणारा बाप लपवायचा कशासाठी?

तो पुढे काय होईल ते होवो. रविवारी त्याला शिकवणीला पिटाळू नका, दोराला हात लावू द्या. आणि पुढचा अर्ज घरी येईल तेव्हा त्या रकान्यात स्वतःच्या हातानं 'रापणकर' लिहा.