कोंकणी सिनेमाचा पहिला माणूस कोण?

प्रश्न : सिंहली भाषेतल्या पहिल्या चित्रपटकारांविषयी वाचलं. आपल्या गोव्यात असं काम आधी कुणी केलं? त्यात आमच्या पेडणे-डिचोलीचं कुणी होतं का? (एक वाचक, डिचोली)

उत्तर : म्हापशाचे अल जेरी ब्रागांझा. 'मोगाचो आंवडो' हा पहिला कोंकणी चित्रपट त्यांनीच काढला. निर्माते तेच, दिग्दर्शकही तेच. एटिका पिक्चर्सचा हा बोलपट २४ एप्रिल १९५० रोजी झळकला, तेव्हा गोव्यावर पोर्तुगीजांचा अंमल होता. ती तारीख आज कोंकणी चित्रपट दिन म्हणून पाळतात. पहिला सिंहली बोलपट 'कडवुनु पोरोंदुवा' त्याआधी तीनच वर्षं, १९४७ मध्ये आला होता. एका नाटक मंडळीच्या गाजलेल्या नाटकावरचा तो बोलपट चित्रित झाला मात्र आपल्या मदुराईत.

कोंकणीलाही रंगभूमीचाच आधार मिळाला, तो तियात्राचा. कुडचड्याचे फ्रँक फर्नांड मुंबईत हिंदी सिनेमांच्या वाद्यवृंदात ट्रंपेट वाजवत. त्यांनी 'आमचें नशीब' (१९६३) आणि 'निर्मोण' (१९६६) काढले, तेव्हा नायक होते तियात्राचे लाडके सी. आल्वारिस. 'निर्मोण'मध्ये बोटीवर गेलेला नवरा बुडाला असं समजून बायको दुसरा संसार मांडते आणि तो जिवंत परततो. कथाबीज टेनिसनच्या काव्यातलं, पण ज्या बार्देस-साष्टीत घरटी कुणीतरी तारवटी, तिथं ते परकं कसं वाटेल? पुढच्याच वर्षी त्यावरून हिंदीत 'तकदीर' आला. एरवी नक्कल उलट दिशेनं चालते, म्हणून मला याचं फार अप्रूप वाटतं.

आता तुमच्या तालुक्यांविषयी. या पहिल्या फळीत पेडणे-डिचोलीचं नाव मला दिसत नाही आणि त्याचं कारण उघड आहे. तियात्राचं बळ बार्देस-साष्टीच्या ख्रिस्ती समाजात. नव्या काबिजादीतल्या तुमच्या गावांत रात्री जागायच्या त्या दशावतारासाठी, काल्यासाठी, जत्रेतल्या मराठी नाटकांसाठी. कलेची हौस तिथं कमी नव्हती, फक्त तिची वाट वेगळी होती.

पेडण्याचं नाव पुढं गाजलं ते मोरजीच्या लक्ष्मीकांत शेटगांवकरांमुळं. महाबळेश्वर सैल यांच्या 'अदृष्ट'वरून त्यांनी 'पलतडचो मनीस' केला. जंगलात एकटा राहणारा विधुर वनरक्षक एका वेडसर बाईला आसरा देतो, तिच्यात गुंततो आणि गाव त्याच्यावर उलटतो. २००९ साली टोरांटो महोत्सवात या चित्रपटाला आंतरराष्ट्रीय समीक्षकांचा फिप्रेस्की पुरस्कार मिळाला. मिळेल तिथं जरूर पाहा.