आधी सर्व्हे नंबर सांगा

खराडीत राहायला येऊन वीस वर्षं झाली. त्यात सोसायटीचं सेक्रेटरीपद दोनदा गळ्यात पडलं. ऑफिसांच्या पायऱ्या झिजवताना जे कळलं ते असं.

१. बिल्डिंगचं नाव कुठेच चालत नाही. पहिल्यांदा अर्ज घेऊन गेलो तेव्हा सोसायटीचं लांबलचक इंग्रजी नाव मोठ्या ऐटीत सांगितलं. टेबलामागच्या बाईंनी मान वर न करता विचारलं, "सर्व्हे नंबर, हिस्सा नंबर?" मला पत्ताच नव्हता. घरी येऊन खरेदीखत उघडलं, तर पहिल्याच पानावर होता. सप्टेंबर १९९७ मध्ये खराडी पुणे महापालिकेत आली, ग्रामपंचायत गेली, सरपंच गेले; शेताचे नंबर मात्र तसेच राहिले.

२. घरपट्टी महापालिकेची, सातबारा महसूल खात्याचा. गाव शहरात आलं तरी हवेली तालुका सुटत नाही. एकदा फेरफाराच्या कामासाठी वॉर्ड ऑफिसात अर्धा दिवस बसलो, तेव्हा शिपायालाच दया आली. "तलाठ्याकडे जा साहेब." (तलाठ्याचं पदनाम आता बदललंय, पण गावठाणात अजून कुणी ते वापरत नाही.)

३. ओढा कुठे होता ते गावठाणात विचारा. हे मला सगळ्यात महागात पडलं. नगर रस्त्याकडून मुळा-मुठेकडे जमीन उतरत जाते, हे गाडीतून कळत नाही. दरवर्षी जूनमध्ये आमच्या पार्किंगात घोटाभर पाणी. दोन वर्षं मी 'गटार साफ करा' असे अर्ज देत होतो. माणूस यायचा, झाकण उघडायचा, गाळ काठावर काढून जायचा. पुढच्या पावसात तो गाळ परत आत. शेवटी गावठाणातल्या एका आजोबांनी काठी टेकत टेकत गेटापाशी येऊन दाखवलं, "इथनं ओढा जायचा. आम्ही बैलं धुवायचो." भूमी अभिलेखातून गाव नकाशाची नक्कल काढली, तर ओढ्याची रेघ आमच्या गेटालाच चिकटून गेलेली! रस्त्याखाली त्या अख्ख्या ओढ्यासाठी जेमतेम हातभर रुंद पाइप. मग अर्जाला नकाशा जोडला, सर्व्हे नंबर घातला आणि 'ओढा' हा शब्द लिहिला. अर्ज वेगळ्या खात्याकडे गेला, अभियंता टेप घेऊन आला. पाइप बदलायला आणखी दोन पावसाळे गेले, ते सोडा.

४. टाउनशिप शब्दाला भुलू नका. आमच्याकडे टाउनशिप म्हणजे जलतरण तलाव आणि गेटावर सलाम. पुतण्या अमेरिकेत ओहायोत खेड्यात राहतो, त्याचीही टाउनशिपच. पण ती म्हणजे तीन निवडून दिलेले ट्रस्टी आणि एक हिशेब बघणारा अधिकारी. रस्त्यावरचं बर्फ काढायचं, स्मशानभूमी राखायची. मी म्हटलं, अरे, ही तर ग्रामपंचायत! आपल्याकडे १९५८ च्या कायद्याची ग्रामसभा आहे. गावात कुणीही उभं राहून हिशेब विचारू शकतो. शहरात आलो आणि ती सोय गेली. पलीकडची वाघोली २०२१ मध्ये पालिकेत आली तेव्हा तिथल्या मित्रानं पेढे आणले. मी एक खाल्ला, पण बोललो काही नाही.

५. पाणी दारातून वाहतं ते प्यायचं नसतं. मुळा-मुठा आमच्यापर्यंत येते ती अख्ख्या पुण्याचं सांडपाणी घेऊन. उन्हाळ्यात जलपर्णीची हिरवी गादी. प्यायचं पाणी खेड तालुक्यातल्या भामा आसखेड धरणातून येतं, २०२१ च्या १ जानेवारीपासून. टँकरवाल्याचा नंबर फोनमधून काढायची हिंमत अजून झालेली नाही.

६. नगरसेवक नसतानाही कामं होतात, फक्त चपला जास्त झिजतात. मार्च २०२२ मध्ये मुदत संपली, मग प्रशासक. त्या काळात नागरिकांनी अंदाजपत्रकासाठी कामं सुचवायचा फॉर्म भरायला शिकलो. गल्लीतल्या दिव्यांसाठी तिसऱ्या वर्षी यश आलं.

गेल्या महिन्यात नव्या सेक्रेटरीला दप्तर सोपवलं: शिक्के, पासबुक, पंपरूमची किल्ली आणि गाव नकाशाची झेरॉक्स.

"हे काय, काका?"

"ओढा," म्हटलं. "जूनच्या आधी एकदा गेटापाशी जाऊन बघ."