लग्नात हात कुठे सैल सोडावा

माझी सारी नोकरी भोसरीच्या वर्कशॉपमध्ये झाली. घरात मी थोरला, त्यामुळे बहिणींच्या, भाच्यांच्या आणि शेवटी लेकीच्या लग्नाच्या हिशेबाची वही माझ्याकडेच राहिली. आमच्या पट्ट्यात दोन तऱ्हांची लग्नं होतात. एक जमिनीचे पैसे आलेल्यांची, दुसरी पगारदारांची. पंचाईत अशी की दुसऱ्यांना पहिल्यांसारखं दिसायचं असतं. इतकी लग्नं पार पाडल्यावर माझी एक कसोटी ठरली आहे. आलेल्या माणसाचा वेळ, पोट आणि पाय यांना सुख देणारा खर्च सढळ हाताने करावा. नुसत्या त्याच्या डोळ्यांसाठी असलेल्या खर्चावर फुली मारावी.

१. लग्न लागायला मुळात किती लागतं, ते आधी पाहा.
आळंदी इथून हाकेच्या अंतरावर आहे. तिथल्या धर्मशाळांत आणि छोट्या कार्यालयांत घरच्या चार माणसांत, दोन हारांत लग्नं लागतात. विशेष विवाह कायद्याने नोंदणी करायची तर ३० दिवसांची नोटीस आणि तीन साक्षीदार पुरतात. महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजाने १८७३ सालीच पुण्यात भटजीविना, थोडक्या खर्चात लग्न लावून दाखवलं. एप्रिल २०२१ मध्ये तर कोरोनामुळे सरकारनेच २५ माणसं आणि दोन तास अशी मर्यादा घातली होती, मोडली तर ५० हजार दंड. त्या दोन तासांत लग्न झालेली जोडपी आज पोरांना शाळेत सोडायला जातात. त्यापुढचा प्रत्येक रुपया आपण आपल्या खुशीने घालतो. यादीला बसताना दोन्ही घरांनी हे मोठ्याने बोलून घ्यावं. ‘करावंच लागतं’ हे वाक्य मग पुढे कमी ऐकू येतं.

२. तारीख ठरवताना पंचांगाशेजारी सुट्टीचे वार लिहा.
पिंपरी-भोसरीच्या एमआयडीसीला गुरुवारी सुट्टी असते. चाकणला कंपनीगणिक वार बदलतो. कंत्राटी पोराला लग्नासाठी रजा म्हणजे एका दिवसाची हजेरी बुडणं. त्याने आहेराचं पाकीट आणलं तरी त्याचा खरा आहेर ती हजेरीच असते. भाचीचं लग्न गुरुवारच्या मुहूर्तावर धरलं, तर तिच्या वडिलांच्या लाइनवरची सगळी मंडळी बायकापोरांसह आली. रविवार सोडल्यामुळे कार्यालयाच्या भाड्यात घासाघीसही करता आली.

३. कार्यालयावर खर्च करा, पण झुंबरं पाहून नव्हे, रस्ता पाहून.
नाशिक महामार्गावर चाकणच्या तळेगाव चौकात अडकलेला पाहुणा मंगळाष्टका मोबाइलवर ऐकतो. कार्यालय पाहायला जायचं ते लग्नाच्याच वेळेला जावं, सकाळी मोकळ्या रस्त्याने जाऊन भुलू नये. गाड्या लावायला जागा, म्हाताऱ्यांना जिना न चढता जाता येईल असा मांडव, बायकांसाठी स्वच्छ आणि पुरेशी स्वच्छतागृहं, यांसाठी भाडं जास्त पडलं तर पडू द्यावं. गावाकडची मंडळी जुन्नर-खेडकडून येणार असतील तर एसटीची गाडी प्रासंगिक कराराने ठरवा. व्हरांड्यातली फुलांची कमान रद्द करून आम्ही गाडीचे पैसे काढले. कमान नव्हती हे कोणाच्या लक्षातही आलं नाही.

४. जेवणात पदार्थ कमी करा, वाढपी वाढवा.
इथे मी कधीच हात आखडला नाही. पण पैसा कुठे जातो ते पाहिलं. चाट, पास्ता, चायनीज असे काउंटर वाढले की रांगा वाढतात आणि प्रत्येक ताटात निम्मं अन्न उरतं. मसालेभात, एक रस्सा भाजी, एक सुकी, गरम पुरी, मठ्ठा आणि ताजी जिलेबी एवढ्यावर माणूस तृप्त होतो, फक्त ते गरम आणि शेवटपर्यंत मिळायला हवं. आचाऱ्याशी बोलताना मी पहिल्या पंगतीचं विचारत नाही. शेवटी कोण जेवणार, ते त्याला सांगतो: बँडवाले, एसटीचा ड्रायव्हर, आणि पहिली शिफ्ट सुटल्यावर साडेतीन-चारला धावतपळत पोचणारे कामगार. त्यांच्या पानात जिलेबी पडली पाहिजे. त्यासाठी जादा दिलेले पैसे मला कधी टोचले नाहीत.

५. सत्कार आणि टोपी-टॉवेलला कात्री लावा.
आमच्या तालुक्यात मुहूर्त माइकवर चुकतो. माजी सरपंच, आजी नगरसेवक, सोसायटीचे चेअरमन, प्रत्येकाला फेटा आणि शाल, मग शुभाशीर्वादाची भाषणं. नवरा-नवरी ताटकळतात, मागे आचाऱ्याचा भात गार होतो. लेकीच्या लग्नात आमचे मामा अडून बसले. मी म्हटलं, “मामा, सगळ्यांची नावं मी स्वतः वाचतो, पण अक्षता पडल्यावर. फेट्यांचे पैसे तुमच्या हाताने गावच्या शाळेला देऊ.” मामांनी पावती खिशात ठेवली आणि पुढच्या लग्नात तीच सगळ्यांना दाखवली. नाही म्हणायचं असेल तर मोठ्या माणसाच्या हाती दुसरा मान द्यावा लागतो.

६. फोटोवाला एकच घ्या, पण चांगला.
ड्रोन आणि प्री-वेडिंग सोडून द्या. आजी, आत्या, काका यांचे नीट बसवून काढलेले फोटो आणि त्यांचा छापील अल्बम, एवढं मागा. डीजेचं तर सोपं आहे. रात्री दहानंतर लाउडस्पीकरला कायद्याने बंदीच आहे, तेवढ्यासाठी एवढे पैसे कशाला? सनई-चौघडा पुरतो.

७. सोनं घ्यायचं तर वजनाचं घ्या.
एप्रिल २०२५ मध्ये तोळा लाखाच्या पार गेला. आता खडे-मीनाकाम केलेला भरगच्च सेट म्हणजे फोटोपुरतं सोनं. मोडीला गेलात की घडणावळ बुडते आणि खड्यांचं वजन वजा होतं. साध्या पाटल्या, ठुशी घ्याव्यात. प्रत्येक नगावर सहा अक्षर-आकड्यांचा एचयूआयडी तपासावा. बिल मुलीच्या नावाने करावं. ते तिचं स्त्रीधन आहे, मग बिल बापाच्या नावाने कशाला?

८. पीएफला हात लावण्याआधी कागद-पेन्सिल घ्या.
जुन्या नियमाने सात वर्षं भरल्यावर लग्नासाठी स्वतःच्या वाट्यातली निम्मी रक्कम काढता येई. ऑक्टोबर २०२५ मध्ये विश्वस्त मंडळाने वर्षभराच्या नोकरीनंतर, आणि लग्नासाठी पाच वेळांपर्यंत, पैसे काढू देण्याचं ठरवलं. दार उघडं झालं म्हणून आत शिरायलाच हवं असं नाही. ८.२५ टक्क्यांचा दर टिकला तर आजचे २ लाख २० वर्षांत पावणेदहा लाखांच्या आसपास जातात. स्टेजची सजावट या भावाने परवडते का, ते नवऱ्या मुलालाच विचारावं.

९. देण्याघेण्याला लग्नखर्च म्हणू नका.
मे २०२५ मध्ये मुळशीतल्या एका सुनेच्या मृत्यूची बातमी आली. लग्नात फॉर्च्युनर आणि ५१ तोळे सोनं दिल्याचं सगळ्या महाराष्ट्राने वाचलं. त्यानंतर मराठा समाजाच्या बैठकांतून लग्नाची आचारसंहिता पुढे आली: पाहुणे शंभर-दोनशे, डीजे नको, प्री-वेडिंग नको. चांगलं झालं. पण हुंड्याविरुद्धचा कायदा १९६१ पासून आहे, आणि खुशीने दिलेल्या भेटींची सहीनिशी यादी ठेवायचा नियम १९८५ पासून. ती यादी आम्ही केली. व्याही आधी चपापले, मग त्यांनीही सही केली. मागणी आली तर मात्र खर्चात काटकसर करू नका, सरळ स्थळच सोडा.

१०. सगळ्यात मोठा आकडा लग्नानंतरच्या घरासाठी ठेवा.
इथली बहुतेक जोडपी चिखली, मोशी, रावेतच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये संसार मांडतात. डिपॉझिट, गॅस, गादी, फ्रिज आणि दोन-तीन महिन्यांचं भाडं हाताशी असलं, तर पहिल्याच महिन्यात पतपेढीच्या दारात जावं लागत नाही. रुखवतात मांडता येत नाही, म्हणून हा खर्च यादीत कोणी लिहीत नाही. तुम्ही तो पहिल्या ओळीत लिहा. तिथे आकडा पडेपर्यंत कोणालाही ॲडव्हान्स देऊ नका.